डोळ्यांनी पाहिलं, तरी आरोपी सुटला: खुनाच्या खटल्यातल्या सुटकेविरुद्ध अपील कसं करायचं

खुनाच्या खटल्याचा निकाल लागतो, आरोपी सुटतो आणि कोर्टाच्या आवारातच मयताच्या घरचे वकिलाला गाठतात. प्रश्न ठरलेला असतो: "साहेब, आमच्या माणसानं समोर उभं राहून बघितलंय, कोर्टात शपथेवर सांगितलंय, मग सुटलाच कसा?" प्रश्न रास्त आहे, पण हायकोर्ट अपिलात जे तपासतं ते वेगळंच. या पुराव्यावरून एखादा समंजस न्यायाधीश सुटकेच्या निष्कर्षाला पोचू शकला असता का, एवढंच तिथे पाहिलं जातं. पोचू शकला असता असं दिसलं की अपील फेटाळलं जातं, मग हायकोर्टाला स्वतःला आरोपी दोषी वाटला तरी. म्हणून साक्षीदार किती खरा आहे हे पानंच्या पानं सांगणारं अपील बहुधा पडतं आणि निकालपत्रातलं एकेक कारण मोडून काढणारं अपील निदान ऐकलं जातं.

पुढचं सगळं मयताच्या कुटुंबासाठी आणि अशी फाइल पहिल्यांदा हातात आलेल्या तरुण वकिलांसाठी आहे. १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता (बीएनएसएस) लागू झाली. पण जुन्या गुन्ह्यांचे खटले अजून चालू आहेत आणि जुने निवाडे सीआरपीसीच्या (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या) कलमांवर आहेत, म्हणून दोन्ही क्रमांक देतो.

आधी नक्कल, मग राग

निकालाच्या दिवशीच नकलेचा अर्ज टाका. निकालाने बाधित झालेल्या कुणालाही फी भरून निकालपत्राची सही-शिक्क्याची नक्कल मिळते (बीएनएसएस कलम ४०४, जुनं ३६३). नक्कल तयार व्हायला लागलेले दिवस मुदतीतून वजा होतात, पण अर्ज केला असेल तरच. निकालपत्रावर थांबू नका. सगळ्या साक्षी, निशाणी (कोर्टाने दिलेला पुराव्याचा क्रमांक) पडलेली कागदपत्रं, घटनास्थळ पंचनामा, इन्क्वेस्ट (मृतदेहाचा) पंचनामा, शवविच्छेदन अहवाल, आरोपीचा ३१३ चा जबाब, म्हणजे पुराव्याबद्दल कोर्टाने विचारलेल्या प्रश्नांना त्याने दिलेली उत्तरं (आता कलम ३५१), आणि साक्षीदारांचे पोलिसांपुढचे जबाब या सगळ्यांच्या नकला मागा. साक्ष मूळ मराठीतलीच वाचा, टाइप केलेल्या इंग्रजीवर विसंबू नका.

मुदत कायद्याप्रमाणे सुटकेविरुद्ध सरकारच्या अपिलाला ९० दिवस आहेत. पीडितालाही, म्हणजे इथे मयताच्या वारसांना, स्वतः अपील करता येतं. पण ज्या परंतुकाने (कलमाला जोडलेल्या पुरवणी तरतुदीने) हा हक्क दिला त्यात मुदत लिहिलेलीच नाही. हायकोर्टातल्या सर्वसाधारण फौजदारी अपिलाला ६० दिवस असतात. तेव्हा वादात न पडता ६० दिवसांच्या आत दाखल करून मोकळं व्हा. उशीर झालाच तर विलंब माफीचा अर्ज करता येतो, मात्र त्यात प्रत्येक टप्प्याचा हिशेब हवा. नक्कल कधी मिळाली, सरकारकडे अर्ज कधी दिला, उत्तर कधी आलं, सगळं तारखांसकट. 'आम्ही दुःखात होतो' एवढ्यावर माफी मिळेल असं धरून चालू नका.

दोन दारं आहेत, दोन्ही ठोठवा

पहिलं दार सरकारचं. खुनाचा खटला सत्र न्यायालयात चालतो, त्यामुळे अपील हायकोर्टातच जातं आणि ते दाखल करायला सरकारला हायकोर्टाची परवानगी, म्हणजे लीव्ह, लागते (कलम ४१९, जुनं ३७८). महाराष्ट्रात खटला चालवणाऱ्या सरकारी वकिलाचा अभिप्राय आणि पोलिसांचा प्रस्ताव वर जातो आणि निर्णय विधी व न्याय विभागात होतो. या प्रवासात फाइल कुठल्याही टेबलावर आठवडे पडून राहू शकते. कुटुंबाने पहिल्याच आठवड्यात जिल्हा सरकारी वकील, पोलीस अधीक्षक किंवा आयुक्त आणि विधी व न्याय विभाग या तिघांना लेखी अर्ज द्यावा, निकालपत्रातल्या ढोबळ चुका दोन पानांत मांडाव्यात आणि पोच घ्यावी. हीच पोच पुढे विलंब माफीत कामी येते.

दुसरं दार तुमचं स्वतःचं. ३१ डिसेंबर २००९ पासून पीडिताला सुटकेविरुद्ध अपिलाचा हक्क आहे (कलम ४१३ चं परंतुक, जुनं ३७२). 'पीडित' या व्याख्येत कायदेशीर वारस येतात, त्यामुळे मयताची बायको, मुलं, आईवडील हे अपील करू शकतात. मल्लिकार्जुन कोडगली खटल्यात सुप्रीम कोर्टाने २०१८ मध्ये बहुमताने स्पष्ट केलं की पीडिताला लीव्ह मागावी लागत नाही. सरकार अपील करणार असेल तरी हे दार वापरा. सरकारची लीव्ह नाकारली गेली तर निदान तुमचं अपील उभं असेल.

आणखी एक गोष्ट कुटुंबांच्या लक्षात येत नाही. आरोपी पूर्ण सुटला नाही, पण खुनाऐवजी सदोष मनुष्यवधात शिक्षा झाली, तरी याच परंतुकाखाली अपील होतं. शिक्षा कमी वाटते म्हणून मात्र पीडिताला अपील नाही. तो अधिकार सरकारचा (कलम ४१८, जुनं ३७७). पुनरीक्षण (रिव्हिजन) अर्जाच्या वाटेला जाऊ नका, कारण त्यात सुटकेचं रूपांतर शिक्षेत करायला कायद्यानेच मनाई आहे.

कुठे दाखल करायचं हेही तपासा. ऑगस्ट २०२५ पासून मुंबई हायकोर्टाचं सर्किट बेंच कोल्हापुरात सुरू झालं आहे आणि कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग हे सहा जिल्हे तिथे जातात. बाकीच्यांसाठी मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर आणि गोवा आहेतच. वकिलाची फी परवडत नसेल तर हायकोर्टाच्या विधी सेवा समितीकडे जा. स्त्रिया आणि अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्तींना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो.

कायदा नेमका काय म्हणतो

पाया १९३४ चा आहे. शिव स्वरूप खटल्यात प्रिव्ही कौन्सिलने (ब्रिटिश काळातल्या सगळ्यात वरच्या अपील न्यायालयाने) सांगितलं की सुटकेविरुद्धच्या अपिलात हायकोर्टाला सगळा पुरावा नव्याने तपासण्याचा पूर्ण अधिकार आहे. मात्र साक्षीदार ज्याने प्रत्यक्ष पाहिला त्या न्यायाधीशाचं मत, निर्दोषत्वाचं गृहीतक आणि संशयाचा फायदा यांना योग्य वजन दिलं पाहिजे. चंद्रप्पा (२००७) खटल्याने हेच पाच मुद्द्यांत बांधलं. त्यातले दोन महत्त्वाचे: सुटका झाल्यावर निर्दोषत्वाचं गृहीतक दुप्पट होतं आणि दोन वाजवी निष्कर्ष शक्य असतील तर सुटकेला हात लावायचा नाही. एच. डी. सुंदरा (२०२३) निवाड्याने कसोटी आणखी टोकदार केली. पुराव्यावरून दोषी हाच एकमेव निष्कर्ष निघतो, दुसरा निघूच शकत नाही, असं दिसलं तरच हस्तक्षेप.

महाराष्ट्रातून सुप्रीम कोर्टात गेलेले दोन निवाडे शेजारी ठेवून वाचा. दोन्हींत सत्र न्यायालयाने सोडलं आणि मुंबई हायकोर्टाने दोषी धरलं. शिवाजी साहेबराव बोबडे (१९७३) खटल्यात सुप्रीम कोर्टाने हायकोर्टाचा निकाल कायम ठेवला. न्या. कृष्ण अय्यर यांनी तिथे बजावलं की प्रत्येक बारीकशा शंकेपुढे मान तुकवून गुन्हेगार सोडणं हाही न्यायाचा पराभव आहे. त्याच निवाड्यात आरोपी दोषी 'असावा' आणि 'असलाच पाहिजे' यांतलं लांबलचक अंतरही त्यांनीच दाखवलं. गणेश भवन पटेल (१९७८) खटल्यात मात्र सुप्रीम कोर्टाने हायकोर्टाची शिक्षा रद्द करून सुटका परत आणली. प्रत्यक्षदर्शींचे जबाब नोंदवायला काही तासांचा उशीर झाला होता. नुसता उशीर घातक नसतो, पण तपास अधिकारी कथानक कसं रचायचं याचा विचार करत वेळ काढत होता असं बाकीच्या परिस्थितीवरून दिसलं, तर तोच उशीर खटला बुडवतो. आपली फाइल यांपैकी कोणाच्या जवळ जाते हे प्रामाणिकपणे ठरवा. अपील करायचं की नाही याचं अर्धं उत्तर तिथेच मिळतं.

तक्ता: खरं काम इथे आहे

निकालपत्र तीनदा वाचा. तिसऱ्या वाचनात पेन्सिल घ्या आणि न्यायाधीशांनी साक्षीदार का नाकारला याचं प्रत्येक कारण वेगळं काढा. मग पाच रकाने आखा: निकालपत्रातला परिच्छेद, कारण, त्यावरचा मूळ पुरावा (साक्षीदार क्रमांक, साक्षीचा परिच्छेद, निशाणी), आपलं उत्तर आणि शेवटचा रकाना 'उत्तर नाही'. शेवटचा रकाना लपवू नका. तो भरत गेला तर पक्षकाराला तसं सांगणं हे वकिलाचं काम आहे.

एक कल्पित उदाहरण घेऊ. सोलापूर जिल्ह्यातलं गाव, बांधाचा वाद, रात्री साडेआठला चावडीजवळ कोयत्याने खून. प्रत्यक्षदर्शी मयताचा भाऊ. न्यायाधीशांची कारणं अशी: भाऊ हितसंबंधी आहे, गावातला त्रयस्थ कोणी तपासला नाही, साक्षीत महत्त्वाची भर आहे, पंचनाम्यात दिव्याचा उल्लेख नाही, फिर्याद तीन तास उशिरा.

भावापासून सुरू करू. नातेवाईक म्हणून साक्ष बाद, असा कायदा नाही. दलीप सिंग (१९५३) खटल्यापासून सुप्रीम कोर्ट सांगत आलंय की जवळचा नातेवाईक खऱ्या मारेकऱ्याला सोडून निरपराध्याला गुंतवण्याची शक्यता कमी. हाडवैर असेल तर साक्ष जपून तपासायची, एवढंच. आणि साक्षीदार किती हवेत याचा आकडा कायद्यात नाही (भारतीय साक्ष अधिनियम कलम १३९, जुनं १३४). वडिवेलू तेवर (१९५७) निवाड्याने साक्षीदारांचे तीन प्रकार पाडले: पूर्ण विश्वासार्ह, पूर्ण अविश्वासार्ह आणि मधला. पहिला एकटा पुरतो, दुसरा शंभर असले तरी नाही, तिसऱ्याला दुसऱ्या पुराव्याचा आधार लागतो. न्यायाधीशांनी आपला साक्षीदार कुठल्या प्रकारात टाकला आणि का, हे लिहिलंच नसेल तर तो तुमचा पहिला मुद्दा. पण चावडीजवळ वीस माणसं होती असं भावानेच उलटतपासात कबूल केलं असेल आणि एकालाही का तपासलं नाही याचं स्पष्टीकरण नसेल, तर हे कारण सहज मोडत नाही.

आता 'भर', म्हणजे पोलिसांपुढच्या जबाबात नसलेली आणि कोर्टात पहिल्यांदाच सांगितलेली गोष्ट. जबाबात ती राहून जाणं म्हणजे ओमिशन. सुटकेची निकालपत्रं सगळ्यात जास्त इथेच घसरतात. साक्षीदार कोर्टात म्हणतो, "आरोपीनं मानेवर आणि खांद्यावर वार केला." पोलिसांपुढच्या जबाबात फक्त मान आहे. बचावाचे वकील विचारतात, साक्षीदार म्हणतो, "मी पोलिसांना सांगितलं होतं, त्यांनी का लिहिलं नाही सांगता येत नाही." इथपर्यंत काहीच सिद्ध झालेलं नसतं. पुढे तपास अधिकारी पिंजऱ्यात आल्यावर त्याला विचारायला हवं की साक्षीदाराने खांद्याच्या वाराबद्दल सांगितलं होतं का, आणि त्याने नाही म्हणायला हवं. विसंगती असेल, म्हणजे जबाबात वेगळंच काही लिहिलेलं असेल, तर जबाबातला तो भाग 'पोर्शन ए' म्हणून साक्षीदाराला दाखवून, नंतर तपास अधिकाऱ्याकडून सिद्ध करून त्याला निशाणी पडायला हवी (कलम १४८, जुनं १४५). हे टप्पे झाले नसतील तर ती त्रुटी पुराव्यात आलेलीच नाही, आणि तिच्यावर विसंबणारा न्यायाधीश पुराव्याबाहेर गेला. म्हणून प्रत्येक ओमिशनपुढे तपास अधिकाऱ्याच्या साक्षीचा परिच्छेद लिहा. नसेल तर लाल खूण करा.

सिद्ध झालेलं ओमिशनही सगळं सारखं नसतं. तहसीलदार सिंग (१९५९) खटल्यानंतरचा प्रश्न असा की राहून गेलेली गोष्ट इतकी महत्त्वाची आहे का, की तिचं नसणं म्हणजेच विसंगती? वारांची संख्या चुकणं वेगळं आणि मारेकऱ्याचं नावच जबाबात नसणं वेगळं. दुसऱ्या प्रकारावर उत्तर शोधत बसू नका, ते नसतं.

दिव्याचं कारण वरवर भक्कम दिसतं. पण मारेकरी कोण? त्याच गावचा, रोज दिसणारा, चालीवरून आणि आवाजावरून ओळखू येणारा. नथुनी यादव (१९९८) खटल्यात अपुऱ्या उजेडातली ओळखही सुप्रीम कोर्टाने मान्य केली, कारण माणसं ओळखीची होती आणि अंतर अगदी कमी होतं. अंतर किती, हे तुमच्या साक्षीत आहे का ते पाहा. मारेकरी अनोळखी असेल तर ओळखपरेड कधी झाली आणि तोवर आरोपीचा चेहरा साक्षीदाराला दिसला होता का, इथे सगळं अडतं.

उशिराच्या फिर्यादीवर नुसतं 'तीनच तास' म्हणू नका. पोलीस ठाणं किती अंतरावर, जखमीला आधी दवाखान्यात नेलं का, तिथल्या नोंदीत काय लिहिलंय, एफआयआरची प्रत मॅजिस्ट्रेटकडे कधी पोचली, इन्क्वेस्ट पंचनाम्यात गुन्हा क्रमांक आणि आरोपीचं नाव आहे का? मेहराज सिंग (१९९४) निवाडा याच खुणांवरून एफआयआरची वेळ मागे ओढली आहे का हे तपासायला सांगतो. बचावाच्या हातातलं हत्यार आहे, पण खुणा जुळत असतील तर तोच निवाडा तुमच्या बाजूने वाचा.

डॉक्टरांचा पुरावा आणि डोळ्यांचा पुरावा भिडले तर डोळ्यांना झुकतं माप मिळतं. पण साक्षीदाराने सांगितलेला प्रकार घडणंच वैद्यकीय पुराव्याने अशक्य ठरवलं, तर नाही (अब्दुल सईद, २०१०). कोयता म्हणणारा साक्षीदार आणि अहवालात फक्त बोथट हत्याराच्या जखमा, ही अशी जागा. त्याच निवाड्यात जखमी साक्षीदाराचं विशेष वजनही सांगितलंय. घटनेत जखमी झालेला, म्हणजे तो तिथे होता. तुमच्याकडे असा साक्षीदार असूनही त्याला किरकोळ तफावतीवरून नाकारलं असेल तर अपिलाची सुरुवात त्याच्यापासून करा.

जमावाने केलेल्या खुनात सगळ्यांना ओढू नका. मसल्ती (१९६४) निवाड्यातला व्यवहारी निकष असा की दोन-तीन साक्षीदारांनी सुसंगतपणे नाव घेतलेला आरोपीच धरावा. बारापैकी तिघांविरुद्धचं अपील बाराजणांविरुद्धच्या अपिलापेक्षा कितीतरी मजबूत असतं. हे कुटुंबाला पटवणं अवघड जातं, पण पटवा.

फितूर साक्षीदारांची भीती जरा जास्तच असते. दिल्लीतल्या जेसिका लाल खुनाच्या खटल्यात ज्याच्या जबाबावर एफआयआर उभा होता तोच कोर्टात फिरला आणि २१ फेब्रुवारी २००६ रोजी सगळे आरोपी सुटले. दिल्ली हायकोर्टाने त्याच वर्षी डिसेंबरमध्ये मुख्य आरोपी मनू शर्माला दोषी धरलं आणि सुप्रीम कोर्टाने एप्रिल २०१० मध्ये ते कायम केलं. न फिरलेले साक्षीदार आणि आजूबाजूची परिस्थिती एकत्र वाचली गेली. फितुराची साक्षसुद्धा आपोआप पुसली जात नाही, तिच्यातला आधार मिळणारा भाग वापरता येतो. खटलाच धमक्यांनी पोखरला गेला असेल तर फेरखटल्याची मागणी शक्य आहे. २००२ च्या गुजरात दंगलीतल्या बेस्ट बेकरी हत्याकांड प्रकरणात सुप्रीम कोर्टाने २००४ मध्ये सुटका रद्द करून गुजरातचा खटला महाराष्ट्रात चालवायला लावला आणि २००६ मध्ये मुंबईच्या कोर्टाने नऊजणांना दोषी धरलं. हा अपवाद आहे, नेहमीचा उपाय समजू नका.

अपिलाचे मुद्दे लिहिताना

'निकाल कायद्याला व पुराव्याला धरून नाही' हे वाक्य प्रत्येक अपिलात असतं आणि कुणी वाचत नाही. त्यापेक्षा असं लिहा: "परिच्छेद २३ मध्ये साक्षीदार क्र. २ ची साक्ष खांद्यावरील वाराच्या ओमिशनमुळे नाकारली आहे. हे ओमिशन तपास अधिकारी साक्षीदार क्र. ९ यांच्या साक्षीत सिद्ध झालेले नाही. शवविच्छेदन अहवाल, निशाणी ३४, रकाना १७ मध्ये उजव्या खांद्यावर धारदार जखम नमूद आहे." तीन वाक्यं, प्रत्येकात पत्ता. असे सहा-सात मुद्दे पुरतात. पंचवीस मुद्दे लिहिले की त्यातले चांगले सहा बुडतात.

प्रत्येक मुद्द्याच्या शेवटी स्वतःला विचारा: ही चूक दुरुस्त केली तर निकाल बदलतो का? भावाची साक्ष मान्य झाली, तरी दिवा, उशीर आणि त्रयस्थ साक्षीदाराचा अभाव मिळून संशय शिल्लक राहत असेल, तर चुका दाखवूनही हाती काही लागत नाही.

दाखल झाल्यावर

सरकारच्या अपिलात आधी लीव्हवर सुनावणी होते. या टप्प्यावर निकाल उलटेल का हे बघायचं नसतं, विचार करण्याजोगे मुद्दे आहेत का एवढंच बघायचं असतं. लीव्ह नाकारायची तर कारणं द्यायला हवीत, हे सुप्रीम कोर्टाने महाराष्ट्र सरकार विरुद्ध सुजय मंगेश पोयरेकर (२००८) खटल्यात सांगितलंय. एका ओळीत नकार मिळाला तर हा निवाडा हाताशी ठेवा.

अपील दाखल करून घेतलं की आरोपीला नोटीस जाते. गरज वाटली तर हायकोर्ट वॉरंट काढून त्याला कोठडीत किंवा जामिनावर ठेवू शकतं (कलम ४३१, जुनं ३९०). सत्र न्यायालयाने निकालापूर्वी वरच्या कोर्टात हजर राहण्याचा सहा महिन्यांचा जातमुचलका घेतलेला असतो (कलम ४८१, जुनं ४३७अ). आरोपीचा पत्ता बदलला असेल तर पोलिसांमार्फत लगेच कळवा, कारण नोटीस बजावणीत वर्षं जातात. आरोपी वारला तर त्याच्यापुरतं सरकारचं अपील संपतं.

अंतिम सुनावणी दोन न्यायाधीशांच्या खंडपीठापुढे होते. तिला अनेक वर्षं लागू शकतात आणि तोवर कुटुंबातलं कोणी ना कोणी दर काही महिन्यांनी केस स्टेटस बघत राहिलं पाहिजे. युक्तिवादाच्या दिवशी तो पाच रकान्यांचा तक्ता लेखी टिपणासोबत द्या. निकाल उलटला तर शिक्षेवर आरोपीला ऐकून घ्यावंच लागतं. जन्मठेप झाली तर त्याला सुप्रीम कोर्टात थेट हक्काचं अपील मिळतं (कलम ४२०, जुनं ३७९), परवानगी लागत नाही. सुटका कायम राहिली तर तुमच्यापुढे राज्यघटनेच्या अनुच्छेद १३६ खालची सुप्रीम कोर्टातली विशेष परवानगी याचिका उरते आणि तिची मुदत ९० दिवस असते. तिथे पुरावा पुन्हा चाळायला कोर्ट सहसा तयार नसतं. हायकोर्टाने एखादा महत्त्वाचा साक्षीदार विचारातच घेतला नसेल किंवा कायद्याची उघड चूक असेल, तरच त्या खर्चात पडा.